चित्र नेमकं अडलं कुठे?

क्रिकेटची मॅच पाच मिनिटं दिसली नाही तर आभाळ कोसळत नाही. एखादी ओव्हर जाते, स्कोअर खाली लिहिलेला असतो, आणि विकेट गेली असेल तर ती दहा वेळा परत दाखवतात. फुटबॉलचं तसं नाही. १८ डिसेंबर २०२२ ची कतारमधली फायनल आठवा. अर्जेंटिना २-० ने पुढे, ऐंशीव्या मिनिटापर्यंत सगळं संपल्यात जमा, आणि मग एम्बापेने ९७ सेकंदांत दोन गोल मारले! आता घरातला इंटरनेटचा राउटर बंद करून परत चालू केला तर त्याला नीट उभं राहायला दोन-तीन मिनिटं लागतात. म्हणजे त्या क्षणी कोणी वैतागून राउटरचा प्लग उपसला असेल, तर चित्र परत आलं तेव्हा स्कोअर २-२ झालेला असणार.

चित्र गेलं की आपण काय करतो? जे हाताला लागेल ते बंद-चालू करतो. रिमोटचे सेल काढून घालतो, बॉक्सला दोन चापट्या मारतो, वायफाय बंद करतो, शेवटी कोणालातरी छतावर पाठवतो. उपाय आधी आणि निदान नंतर. लॅबमध्ये आपण असं केलं तर सर जर्नलवर सही करणार नाहीत. मैदानापासून आपल्या डोळ्यांपर्यंत एक लांबलचक साखळी असते आणि एका वेळी बहुधा तिची एकच कडी तुटलेली असते. ती कोणती हे ओळखायला एक मिनिट पुरतं. त्या एका मिनिटात विचारायचे प्रश्न काय, हे या लेखात सांगते.

पहिला प्रश्न जरा बोचरा आहे. ही मॅच आपल्याला दिसायची होती का? अर्ध्या तक्रारी इथेच निकालात निघतात. प्रक्षेपणाचे हक्क दर काही वर्षांनी हात बदलतात. २०१८ चा विश्वचषक सोनीच्या चॅनेलवर होता, २०२२ चा स्पोर्ट्स१८ वर आला. ज्यांनी जुनंच चॅनेल लावून वाट बघितली त्यांच्या छत्रीत काहीही बिघाड नव्हता. शिवाय १ फेब्रुवारी २०१९ पासून ट्रायच्या नव्या नियमांनी चॅनेल निवडून घ्यायची पद्धत आली. बाकी सगळं दिसतंय आणि एकाच चॅनेलवर काळा पडदा आणि एक सूचना येतेय, तर ते चॅनेल पॅकमध्ये नाही. त्याला स्क्रू-ड्रायव्हर लागत नाही, रिचार्ज लागतो.

यातली एक गंमत फार लोकांना ठाऊक नसते. २००७ च्या कायद्याप्रमाणे राष्ट्रीय महत्त्वाच्या म्हणून जाहीर केलेल्या सामन्यांचं चित्र हक्क घेतलेल्या कंपनीला प्रसार भारतीला द्यावं लागतं. पण ऑगस्ट २०१७ मध्ये सुप्रीम कोर्टाने सांगितलं की हे चित्र फक्त दूरदर्शनच्या स्वतःच्या जाळ्यावर, म्हणजे दूरदर्शनचे टॉवर आणि डीडी फ्री डिश यांवरच दाखवता येईल. खासगी केबल आणि डीटीएचवर नाही. त्यामुळे शेजारच्या काकूंच्या फुकटच्या छत्रीवर डीडीवर मॅच चालू आणि तुमच्या महिन्याला पैसे भरलेल्या बॉक्सवर तेच डीडी दुसराच कार्यक्रम दाखवतंय, असं होऊ शकतं. तुमचा बॉक्स ठणठणीत आहे. कोर्टाचा निकाल आहे तो.

वेळेचाही असाच घोळ. चॅम्पियन्स लीगचे रात्रीचे सामने युरोपातल्या थंडीत आपल्याकडे दीड वाजता आणि उन्हाळ्यात साडेबारा वाजता सुरू होतात, कारण ते लोक मार्च आणि ऑक्टोबरच्या शेवटच्या रविवारी घड्याळं हलवतात, आपण हलवत नाही. आणि ‘मंगळवारची मॅच’ आपल्या कॅलेंडरवर बुधवार लागल्यावर असते. मंगळवारी पहाटे अलार्म लावून उठायचं आणि चॅनेलवर जुनी कबड्डी चाललेली बघायची, यात तांत्रिक बिघाड शोधू नये.

हे सगळं बघून झालं आणि तरी चित्र नसेल, तर मग वायरी. माझं घर सेलूला, छतावर छत्री आहे आणि खाली धाकटा भाऊ. परभणी जिल्ह्यात फुटबॉल बघणारे आम्ही मोजकेच, त्यामुळे मॅच बिघडली की तक्रार निवारण केंद्र म्हणजे हॉस्टेलमधली ताई! पावसाळ्यातल्या एका रात्री त्याचा फोन आला.

“ताई, गेलं ना गं सगळं. मी वर जाऊन छत्री हलवू का?”

“अजिबात नाही. आधी सांग, सगळे चॅनेल गेले का एकच?”

“सगळे.”

“पाऊस आहे?”

“धो-धो.”

“मग खाली बस गुपचूप. सेटिंगमध्ये जा, सिग्नलचे दोन आकडे वाच.”

हे दोन आकडे म्हणजे खरा खजिना आहे. जवळजवळ प्रत्येक बॉक्सच्या मेनूत ते असतात, एक स्ट्रेंग्थ आणि एक क्वालिटी. आपण स्ट्रेंग्थकडे बघून खूष होतो आणि तिथेच फसतो. स्ट्रेंग्थ म्हणजे वायरीतून किती आवाज येतोय, आणि क्वालिटी म्हणजे त्या आवाजातलं किती समजतंय. मेसमध्ये शंभर जणी एकदम बोलतात तेव्हा आवाज भरपूर असतो, कळत काही नाही. तसंच. दोन्ही आकडे शून्य असतील तर वायर तुटलीय, पिन निघालीय किंवा छत्रीच्या तोंडाशी असलेली डबी, म्हणजे एलएनबी, मेली आहे. स्ट्रेंग्थ चांगली पण क्वालिटी शून्य असेल तर वायर आणि डबी जिवंत आहेत, फक्त छत्रीला आपला उपग्रह दिसत नाहीये: ती वाऱ्याने फिरलीय, समोर काहीतरी आलंय, नाहीतर पाऊस. अर्धे चॅनेल दिसतात आणि अर्धे नाहीत, असं असेल तर बॉक्सकडून डबीला जाणारं व्होल्टेज तपासावं. बॉक्स त्याच वायरीतून कधी १३ आणि कधी १८ व्होल्ट पाठवतो, त्यावरून डबीला कळतं की उभ्या लहरी घ्यायच्या का आडव्या. पिन गंजली की १८ चे १८ वर पोचत नाहीत आणि एका बाजूचे चॅनेल गायब होतात. बाकी काही करायचं नाही, बॉक्सचा प्लग काढायचा आणि वायरीचं टोक सोलून पिन नवी बसवायची. प्लग आधी काढा हं, नाहीतर तेच १८ व्होल्ट शॉर्ट होतात.

भावाचे आकडे होते स्ट्रेंग्थ बऱ्यापैकी, क्वालिटी शून्य, आणि बाहेर पाऊस. निदान झालं. डीटीएच ज्या केयू बँडमध्ये चालतं तिथे लहरींची लांबी अडीच-तीन सेंटिमीटरच्या आसपास असते, आणि जोराच्या पावसाचे थेंब त्या लहरी शोषतात आणि विखरून टाकतात. रिमझिम पावसाने काही होत नाही. ढग फुटल्यासारखा पडला की दहा-पंधरा मिनिटं चित्र जातं आणि सर ओसरली की आपोआप येतं. अशा वेळी कोणी वर जाऊन छत्री हलवली तर पाऊस थांबल्यावरसुद्धा चित्र येत नाही, कारण आता ती खरोखरच वाकडी झालेली असते. ओला स्लॅब, अंधार, वर लोखंडी दांडा आणि विजा. एका गोलसाठी हा धोका घेण्यासारखा नाही, मग तो मेस्सीचा का असेना.

बरं, छत्री कुठे बघते हे आपल्याला साध्या त्रिकोणमितीने काढता येतं. सेलू साधारण १९.४५ अंश उत्तर आणि ७६.४५ अंश पूर्व. डीडी फ्री डिशचा उपग्रह विषुववृत्तावर ९३.५ अंश पूर्वेला. गणित केलं तर दिशा येते उत्तरेपासून मोजत १३७ अंश, म्हणजे जवळजवळ नेमकी आग्नेय, आणि उंची क्षितिजापासून ६० अंश. टाटा प्लेचा उपग्रह ८३ अंश पूर्वेला, त्याची दिशा येते १६१ अंश आणि उंची ६६. परभणी, जिंतूर, मानवत इथल्या मंडळींनी हेच आकडे धरले तरी फार फरक पडणार नाही. पण छत्रीकडे बघून वाटतं की ती आकाशात एवढं वर बघतच नाही. बरोबर आहे, कारण या छत्र्या तिरप्या परावर्तनाच्या असतात, डबी मधोमध नसून खाली असते, आणि थाळीचं तोंड खऱ्या दिशेपेक्षा वीस-पंचवीस अंश खाली झुकलेलं दिसतं. म्हणून लोक समोरच्या भिंतीला दोष देतात आणि अपराधी असते वरची फांदी. आमच्याकडे आग्नेयेला कडुनिंब आहे. मे महिन्यात त्याच्यामधून चित्र यायचं, पावसाळ्यानंतर तो भरला की क्वालिटीचा आकडा घसरायचा. दोन फांद्या काढल्या, आकडा परत वर. तेही दिवसा, कोरड्यात आणि खाली एक माणूस उभा करून.

विश्वचषकाचं नशीब बघा. २०१४ आणि २०१८ चे दोन्ही जून-जुलैत, म्हणजे ऐन मृगात! २०२२ चा कतारच्या उन्हाळ्यामुळे नोव्हेंबर-डिसेंबरला ढकलला गेला म्हणून आपल्या छत्र्या कोरड्या राहिल्या. २०२६ चा पुन्हा ११ जून ते १९ जुलै. त्यातले बरेच सामने अमेरिका खंडातले असल्यामुळे आपल्या मध्यरात्री आणि पहाटे.

केबलवाल्यांचं एक वेगळंच दुखणं असतं. घरात इन्व्हर्टर आहे, टीव्ही चालू आहे, बॉक्स चालू आहे, आणि तरी सिग्नल नाही. कारण केबल गल्लीगल्लीतून येते आणि मध्ये मध्ये खांबांवर तिचे ॲम्प्लिफायर बसवलेले असतात. त्यांना वीज लागते. तुमच्या गल्लीत लाईट आहे पण मागच्या गल्लीतली गेलीय, तर चित्र मागच्या गल्लीतच मरतं. फायबरचा फायदा असा की बहुतेक ठिकाणी मधल्या वाटेत वीज लागत नाही. त्यामुळे लाईट गेल्यावर फक्त घरातल्या राउटरच्या छोट्या डबीला बॅटरीवर ठेवलं तरी नेट चालू राहतं, अर्थात पलीकडच्या टोकाला बॅकअप असेल तर. त्या डबीवर एलओएस नावाचा दिवा असतो. तो लाल झाला की प्रकाशच येत नाहीये. वायर कुठेतरी दुमडलीय, नाहीतर उंदराने कुरतडलीय. मग हजारदा रिस्टार्ट करा, काचेचा तुटलेला धागा रिस्टार्टने जुळत नाही.

आता आपल्या हॉस्टेलकडे येऊ, कारण इथे छत्री नाही, इथे सगळं नेटवर. बफरिंगला शब्दकोशात काहीही म्हणोत, सेलूत त्याला ‘गोल गोल फिरतंय’ म्हणतात आणि ते जास्त खरं वाटतं.

गावाकडे नळाला रोज पाणी येत नाही, म्हणून आपण टाकी भरून ठेवतो. ॲपही तेच करतं. सिनेमा बघताना ते पुढची काही मिनिटं आधीच भरून घेतं, मध्ये नेट थोडा वेळ गेलं तरी टाकीतलं पाणी पुरतं. पण लाईव्ह मॅचमध्ये पुढचं पाणी कुठून भरणार? पुढचं मिनिट अजून खेळलंच गेलेलं नाही! त्यामुळे टाकी वीस-तीस सेकंदांचीच राहते, आणि नेट तेवढं अडखळलं की चाक फिरायला लागतं. ‘काल त्याच वायफायवर अख्खा पिक्चर बघितला, आज मॅच का नाही?’ याचं उत्तर हे आहे. त्यात फुटबॉलचं चित्र दाबायला अवघड. कॅमेरा सारखा डावी-उजवीकडे फिरतो आणि मागे गवताचं प्रत्येक पातं बदलत असतं, त्यामुळे कमी वेगात हिरवा लगदा दिसतो आणि बॉल त्यात बुडतो. बातम्या वाचणाऱ्या बाई तेवढ्याच वेगात स्वच्छ दिसतात, कारण त्यांचे फक्त ओठ हलतात.

याच कारणाने नेटवरची मॅच उशिराही येते. उपग्रहापर्यंत जाऊन यायला सिग्नलला पाव सेकंद लागतो, बाकीची प्रक्रिया धरून टीव्ही काही सेकंद मागे असतो. ॲपवर मात्र चित्राचे काही सेकंदांचे तुकडे पाडतात, ते सर्व्हरवर जातात, तिथून आपल्या टाकीत दोन-तीन तुकडे जमले की मग दिसतात. अर्धा मिनिट आरामात जातो. खालच्या गल्लीतून ‘गोऽऽल’ ऐकू येतं आणि आपल्या फोनवर अजून कॉर्नर मिळायचाय! याला इलाज नाही, पण याचाच उपयोग करून घेता येतो. ॲपमध्ये लाईव्ह थांबवायची सोय असेल तर किक-ऑफलाच अर्धा मिनिट पॉज करा आणि मग चालू करा. आता तुमच्या पुढे अर्धा मिनिट खेळलेला खेळ आहे, टाकी मोठी भरते, चाक कमी फिरतं. फक्त ग्रुपची नोटिफिकेशन बंद ठेवा आणि खिडकी लावून घ्या.

चाक फिरायलाच लागलं तर एका वेळी एकच गोष्ट बदला. वायफाय बंद करून मोबाईल डेटावर बघा. तिथे चांगलं चाललं तर दोष हॉस्टेलच्या नेटचा. तिथेही तेच, तर दुसऱ्या मैत्रिणीच्या फोनवर बघा. सगळ्यांचंच अडलं असेल तर दोष पलीकडे आहे, शांत बसा. असं खरंच होतं. २० नोव्हेंबर २०२२ ला विश्वचषकाच्या पहिल्याच सामन्यात जिओसिनेमावर चित्र अडखळत असल्याच्या देशभरातून तक्रारी आल्या आणि कंपनीने दिलगिरी व्यक्त करून ॲप अपडेट करायला सांगितलं. त्या रात्री किती जणांनी आपापले राउटर उपटले असतील देव जाणे.

आमच्या हॉस्टेलमध्ये मात्र दोष बहुतेक वेळा आमचाच, म्हणजे आम्हा सगळ्यांचा मिळून असतो. टीव्हीची खोली रात्री साडेदहाला बंद होते. मग मॅच बघायची तर प्रत्येकीच्या फोनवर, पांघरुणात. समजा चाळीस जणी बघतायत. चांगल्या चित्राला साधारण ५ मेगाबिट लागतात, म्हणजे २०० मेगाबिट. लाईन समजा १०० ची. चित्र सगळ्यांचं एकच, पण नेटवर ते चाळीस वेळा वेगवेगळं येतं, छत्रीसारखं एकदा पडून सगळ्यांना मिळत नाही. वर वायफायचा स्वभाव असा की एका चॅनेलवर एका वेळी एकच जण बोलू शकतो. जिन्याच्या पलीकडच्या खोलीतला फोन अडखळत हळूहळू बोलतो आणि तेवढा वेळ बाकी सगळे थांबतात. यात मॅच न बघणाऱ्यांचा काय दोष? कोणाची रात्री बारापर्यंत असाइनमेंट अपलोड करायची असते, कोणी घरी व्हिडिओ कॉलवर असते. त्यांचंही चाक फिरतं.

म्हणून रेक्टर मॅडम आणि नेटवर्कचं काम बघणारे सर यांना या पानावरून एक विनंती. सेमी-फायनल आणि फायनलच्या रात्री टीव्हीची खोली उघडी ठेवा, आवाज बंद ठेवून का होईना. चाळीस फोन २०० मेगाबिट मागतात, भिंतीवरचा एक टीव्ही ५ मागतो. त्याला वायफाय न देता सरळ वायर लावली तर हवेतली गर्दी पूर्ण मिटते. शिस्तीचा मुद्दा असेल तर खोलीत बसलेल्या चाळीस जणी मोजता येतात, पांघरुणातल्या मोजता येत नाहीत.

खोली उघडेपर्यंत मोबाईल डेटाचं गणित सांगून ठेवते. १ मेगाबिट म्हणजे तासाला साधारण ०.४५ जीबी. हाफटाईम धरून मॅच दोन तासांची, म्हणजे ५ मेगाबिटने ४.५ जीबी. रोजच्या दीड जीबीच्या पॅकमध्ये हे पहिल्या हाफमध्येच संपतं आणि नंतर जो वेग उरतो त्यात फोटोसुद्धा उघडत नाही. ॲपच्या सेटिंगमध्ये चित्र ‘ऑटो’वर न ठेवता ४८० वर बांधून टाका, दीड मेगाबिटच्या आसपास राहतं आणि दोन तासांना १.३५ जीबी लागतात. बऱ्याच पॅकचा नवा दिवस मध्यरात्री सुरू होतो, त्यामुळे साडेबाराची मॅच म्हणजे ताजी टाकी! साडेआठच्या मॅचला मात्र दिवसभर रील्स बघणारीला पश्चात्ताप होतो. टेलिग्रामवरच्या फुकट लिंकांबद्दल एवढंच सांगते की त्या चोरीच्या असतात, सगळ्यात उशिरा चालतात आणि पेनल्टीच्या वेळी जुगाराची जाहिरात उघडतात.

खोली मिळाली आणि टीव्हीऐवजी प्रोजेक्टर लावायचं ठरलं, तर एक फसवणूक ध्यानात ठेवा. आवाज येतो आणि चित्र काळं, किंवा लॅपटॉपवर दिसतं आणि पडद्यावर नाही. वायर बदलू नका. एचडीएमआयमध्ये कॉपी होऊ नये म्हणून एक डिजिटल कुलूप असतं, आणि समोरच्या यंत्राकडे किल्ली नसेल तर ते चित्र सोडत नाही. सेमिनार हॉलमधले जुने प्रोजेक्टर व्हीजीएवर चालतात, त्यांच्याकडे ही किल्ली नाही. कन्व्हर्टर लावूनही बहुधा भागत नाही, आणि फोनची स्क्रीन मिरर केली तर काही ॲप मुद्दाम काळं दाखवतात. एचडीएमआय असलेला नवा प्रोजेक्टर मागा, नाहीतर टीव्हीतलंच ॲप वापरा. हे मॅचच्या आदल्या दिवशी खऱ्या ॲपवर, खऱ्या वायरींनी, दहा मिनिटं चालवून बघा. यूट्यूबवर गाणं लावून ‘चालतंय’ म्हणू नका, त्याला बहुधा ते कुलूपच नसतं. आणि लॉगिन ज्या नंबरवर आहे त्याच नंबरला ओटीपी जातो. ती मैत्रीण दहा वाजता झोपणारी असेल, तर तिचा फोन संध्याकाळीच मागून चार्जिंगला लावून ठेवा.